वेळेचा मोबदला

१३ नोव्हेंबर १९५९ रोजी दिल्लीच्या मुख्य आयुक्तांनी एक अधिसूचना काढली. दिल्लीच्या नियोजित विकासासाठी ३४,०७० एकर जमीन लागणार आहे, असे तिच्यात म्हटले होते. म्हणजे सुमारे १३८ चौरस किलोमीटर. दिल्लीच्या मापात एक लाख त्रेसष्ट हजारांहून जास्त बिघे. यातून काय वगळले त्याची यादीही सोबत होती: सरकारी जमीन, फाळणीत देश सोडून गेलेल्यांची जमीन, आधीच एखाद्या सरकारी योजनेसाठी किंवा गृहनिर्माण संस्थेसाठी अधिसूचित झालेली जमीन, आणि कबरस्ताने, मकबरे, धर्मस्थाने, वक्फ. पेरणी चालू असलेली शेते या यादीत नव्हती. नोव्हेंबरात दिल्लीच्या आसपास गव्हाची पेरणी चालू असते.

ही अधिसूचना १८९४ च्या भूसंपादन कायद्याच्या चौथ्या कलमाखाली होती. या कलमाने जमीन जात नाही. सरकारला ती लागण्याचा संभव आहे, एवढेच ते सांगते. त्यानंतर हरकती ऐकायच्या, मग सहाव्या कलमाचे जाहीरनामे काढायचे, मग नवव्या कलमाच्या नोटिसा, मग कलेक्टरचा निवाडा, मग ताबा. निवाडा मान्य नसेल तर अठराव्या कलमाखाली प्रकरण न्यायालयाकडे पाठवायचे. पायऱ्या बऱ्याच आहेत, आणि दोन पायऱ्यांमध्ये किती दिवस जावेत याला पूर्वी कायद्यात मर्यादा नव्हती. एक गोष्ट मात्र पहिल्याच दिवशी ठरून जाई: भाव. मोबदला द्यायचा तो चौथ्या कलमाची अधिसूचना निघाली त्या तारखेच्या बाजारभावाने. निवाडा पुढे केव्हाही होवो, भावाचे घड्याळ त्या दिवशी बंद पडलेले असे. बाकीची सगळी घड्याळे चालू राहत.

या लेखाचा विषय ते बंद घड्याळ आहे, आणि ते पुन्हा चालू करायचे की नाही याबद्दल न्यायालयांनी साठ-पासष्ट वर्षांत काय काय ठरवले, हा आहे.

मी मुनिरक्यात राहू लागले त्याला वीस वर्षे होऊन गेली. हिंदी-उर्दूतून मराठीत भाषांतर करणाऱ्या माणसाला भाडे परवडेल आणि ग्रंथालय जवळ पडेल अशी दक्षिण दिल्लीत फार ठिकाणे नाहीत. मुनिरका हे टोकस कुळीच्या जाटांचे गाव. आता त्याच्या एका अंगाला रामकृष्णपुरमच्या सरकारी वसाहती, दुसऱ्या अंगाला जवाहरलाल नेहरू विद्यापीठ, पलीकडे आयआयटी, अलीकडे वसंत विहार, मध्ये डीडीएचे फ्लॅट. हे सारे मुनिरका आणि मोहम्मदपूर, बेर सराय, कटवारिया सराय अशा शेजारच्या गावांच्या शेतांवर उभे आहे. जमिनी एका दिवसात गेल्या नाहीत, आणि सगळ्या एकाच अधिसूचनेने गेल्या असेही नाही. पन्नाशीच्या दशकापासून एकेका कामासाठी एकेक तुकडा गेला. उरला तो लाल डोरा, म्हणजे आपल्याकडचे गावठाण. महसुली नकाशावर वस्तीभोवती लाल रेघ मारत, तिच्यावरून हे नाव पडले. रेघेच्या आत १९६३ पासून घरबांधणीच्या नियमांतून सूट होती. शेत गेलेल्या माणसाने रेघेच्या आत एकावर एक मजले चढवले आणि भाड्याच्या खोल्या पिकवल्या. त्यांतल्या एका खोलीत मी राहते.

भाषांतरकाराला कायद्याची भाषा आधी शब्द म्हणून भेटते. दिल्लीत मोबदल्याला 'मुआवज़ा' म्हणतात. मुआवज़ा आणि मोबदला हे दोन्ही शब्द अरबीतून फारसीच्या वाटेने आले आणि दोन्हींचा मूळ अर्थ एकच, एकाच्या जागी दुसरे देणे. आपल्याकडे जमीन घेण्याला 'भूसंपादन' म्हणतात. मासिकाचे करतात तेही संपादनच, त्यामुळे जमिनीवरही कुणी काटछाट करून तिला छापण्याजोगी करतो आहे असे उगाच वाटत राहते. हिंदीत 'भूमि अर्जन', म्हणजे जमीन कमावणे. कुणी कमावली, हे शब्दच सांगून टाकतो.

ही कमाई वसूल व्हायला किती काळ लागला, ते आता पाहू. १९५९ च्या अधिसूचनेवर हजारो हरकती आल्या. त्या ऐकायला काही वर्षे गेली. मधल्या काळात १९६२ साली दिल्लीचा पहिला बृहत् आराखडा आला. पुष्कळ जमिनींबाबत सहाव्या कलमाचा जाहीरनामा १९६६ उजाडल्यावर निघाला, आणि पुढच्या नोटिसा यायला सत्तरचे दशक लागले. या सगळ्या काळात शेतकरी जमीन कसत होता. ताबा त्याचाच होता. पण विहिरीवर पैसा घालावा की नाही, घर वाढवावे की नाही, मुलीच्या लग्नासाठी तुकडा विकावा की नाही, हे त्याला ठरवता येईना. १९७२ साली संसदेने दिल्लीतील जमिनींच्या हस्तांतरावर निर्बंध घालणारा कायदाच केला: संपादनासाठी अधिसूचित झालेली जमीन परवानगीवाचून विकता येणार नाही. जमीन हातात, मालकी गोठलेली, भाव १९५९ चा.

मग काही जण सर्वोच्च न्यायालयात गेले. त्या खटल्याचे नाव 'अफलातून विरुद्ध दिल्लीचे नायब राज्यपाल'. मराठी वाचक इथे थबकेल. अफलातून म्हणजे अरबी-फारसीतला प्लेटो. उत्तरेकडे हे माणसाचे नाव असू शकते. आपल्याकडे तत्त्वज्ञाचे नाव विसरले गेले आणि 'भन्नाट' एवढाच अर्थ उरला. २३ ऑगस्ट १९७४ रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने निकाल दिला. अर्जदारांचे म्हणणे असे होते की 'नियोजित विकास' हे प्रयोजन फारच मोघम आहे, आणि सरकारने इतकी वर्षे लावल्यामुळे जुन्या भावाने मोबदला देणे अन्यायाचे आहे. न्यायालयाने दोन्ही मुद्दे अमान्य केले. हरकतीच हजारोंनी आल्या, त्या ऐकायला वेळ लागणारच. आणि अधिसूचना १९५९ ची असताना तिच्या वैधतेवर इतक्या उशिरा बोट ठेवणाऱ्यांचे ऐकले, तर ते विलंबाला बक्षीस दिल्यासारखे होईल.

हा परिच्छेद मी अनेकदा वाचला आहे. निकालाचे इंग्रजी म्हणते की अर्जदार कुंपणावर बसून राहिले. इंग्रजीत कुंपणावर बसणे म्हणजे इकडे की तिकडे हे न ठरवता वाट पाहणे. मराठीत हा वाक्प्रचार नाही. मराठीत कुंपण शेत खाते. ज्याने राखायचे त्यानेच गिळले, हे सांगायला आपण कुंपण वापरतो. एकाच वस्तूकडे दोन भाषा दोन बाजूंनी पाहतात, आणि अफलातून खटल्यातला वाद नेमका तेवढाच होता: उशीर कुणाच्या खाती मांडायचा. न्यायालयाने तो हरकत घेणाऱ्यांच्या खाती मांडला. हरकत घेण्याचा हक्क कायद्यानेच दिलेला होता. तो बजावला म्हणून वेळ गेला, आणि वेळ गेला म्हणून तक्रारीला जागा उरली नाही.

निकालाचा दुसरा परिणाम पुढे दिसला. संपादन वैध ठरले होते, आता सरकारला अडवणारे काही नव्हते. तरी पुष्कळ जमिनींचे निवाडे १९८० आणि १९८१ उजाडेपर्यंत झाले नाहीत.

आमच्या गल्लीतल्या एका वयस्कर घरमालकांनी मला एकदा कागद वाचायला दिले. सगळे त्यांना ताऊ म्हणतात, म्हणून मीही ताऊजी म्हणते. 'बेटी, तू उर्दू पढ़ लेती है,' एवढीच प्रस्तावना. कागद त्यांच्या वडिलांच्या काळातले, पटवाऱ्याच्या घसटलेल्या उर्दू अक्षरातल्या नकला. दिल्लीचे महसुली दप्तर जुन्या पंजाबच्या पद्धतीचे, त्यामुळे शब्दही तिकडचे. 'चाही' म्हणजे विहिरीच्या पाण्यावर भिजणारी जमीन, 'बारानी' म्हणजे पावसावरची, 'बंजर क़दीम' म्हणजे जुनी पडीक, 'ग़ैर मुमकिन' म्हणजे जिथे पीक घेणे शक्य नाही अशी: वाट, खळे, घराची जागा. आपल्या बागायत, जिरायत, पडीक आणि पोटखराब्याच्या या बहिणी. ताऊजींना दावा जिंकला की हरला हे विचारायचे नव्हते, ते त्यांना माहीत होते. त्यांना एवढेच हवे होते की विहिरीलगतचे दोन तुकडे कागदावर चाही आहेत की बारानी. कारण वडील आयुष्यभर म्हणत राहिले की ते बारानी लिहिले गेले आणि बारानीच्या भावाने गेले.

एक तुकडा चाही होता, एक बारानी. ताऊजी बराच वेळ गप्प बसले. मग त्यांनी 'इंतकाल' असे लिहिलेल्या ओळीवर बोट ठेवून हे काय म्हणून विचारले. इंतकाल म्हणजे फेरफार, एका नावावरून दुसऱ्या नावावर जाणे. रोजच्या उर्दूत इंतकाल म्हणजे मृत्यू. त्या ओळीत दोन्ही अर्थ होते: आजोबा गेले म्हणून जमीन वडिलांच्या नावे झाली. अशा नोंदी वाचताना मला उमगले की रखडलेल्या दाव्यात कागदावर पुढे सरकणारी गोष्ट बहुतेकदा एकच असते, वारसांची नावे.

१९८० नंतरच्या निवाड्यांविरुद्ध पुन्हा अर्ज झाले, आणि नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला सर्वोच्च न्यायालयाने 'रामचंद विरुद्ध भारत सरकार' या खटल्यात वेगळा सूर लावला. अधिसूचना १९५९ ते १९६५ मधल्या, निवाडे १९८० च्या आसपासचे. एवढा उशीर समर्थनीय नाही, असे न्यायालयाने म्हटले. अधिकार हातात आहे म्हणून तो केव्हाही वापरावा असे नाही. जुन्या भावाने आलेल्या पैशात या माणसाला आज तशीच जमीन घेता येणार आहे का? मग संपादन रद्द का केले नाही? तोवर त्या जमिनींवर वसाहती झाल्या होत्या, तिसऱ्यांचे हक्क निर्माण झाले होते. तेव्हा न्यायालयाने मधला मार्ग काढला. अफलातूनचा निकाल लागल्यावर दोन वर्षांत निवाडे व्हायला हरकत नव्हती असे धरायचे, आणि त्या दोन वर्षांनंतर निवाडा होईपर्यंत दरवर्षी १२ टक्के जादा मोबदला द्यायचा.

मी हे गणित कागदावर मांडून पाहिले. १९५९ च्या भावाने जमिनीची किंमत १०० रुपये धरू. सक्तीने घेतली म्हणून त्या वेळच्या कायद्याप्रमाणे १५ टक्के दिलासा रक्कम, म्हणजे ११५. निवाडा ऑगस्ट १९८० मध्ये झाला असे धरले, तर ऑगस्ट १९७६ पासूनची चार वर्षे मोजायची: १०० वर ४८. एकूण १६३. नोव्हेंबर १९५९ पासून ऑगस्ट १९७६ पर्यंतची जवळजवळ सतरा वर्षे हिशेबाबाहेर राहिली. तरीही या निकालाचे मोल आहे. उशीर हा सरकारच्याही खाती मांडता येतो आणि त्याला रुपयांत भाव असतो, हे दिल्लीच्या या लांबलेल्या संपादनात तिथे ठरले.

या दोन निकालांच्या मधे संसदेने स्वतःहून कायदा बदलला होता. २४ सप्टेंबर १९८४ पासून दिलासा रक्कम ३० टक्के झाली. अधिसूचनेपासून निवाड्यापर्यंत किंवा ताब्यापर्यंत दरसाल १२ टक्के जादा द्यायचे ठरले. आणि नव्या ११-अ कलमाने सांगितले की जाहीरनाम्यानंतर दोन वर्षांत निवाडा झाला नाही तर सगळे संपादन व्यपगत होईल. घड्याळाला पहिल्यांदा गजर बसला. पण जुन्या प्रकरणांपैकी कुणाला हे लागू? ३० एप्रिल १९८२ या तारखेची रेघ ओढली गेली, कारण त्या दिवशी विधेयक लोकसभेत आले होते.

त्या रेघेची गंमत 'भारत सरकार विरुद्ध रघुबीर सिंग' या खटल्यात दिसते. उत्तर दिल्लीतल्या ढाका गावची जमीन, अधिसूचना तीच १९५९ ची. कलेक्टरचा निवाडा १९६३ साली, न्यायालयाने रक्कम वाढवली १९६८ साली, उच्च न्यायालयाचा निकाल १९८४ च्या डिसेंबरात. उच्च न्यायालयाने नव्या कायद्याप्रमाणे ३० टक्के दिलासा रक्कम दिली. सरकार वर गेले. १९८९ च्या मे महिन्यात घटनापीठाने ठरवले की वाढीव टक्का मिळायचा तर कलेक्टरचा किंवा त्या पहिल्या न्यायालयाचा निवाडा ३० एप्रिल १९८२ ते २४ सप्टेंबर १९८४ या काळातला हवा. इथे तो १९६८ सालीच होऊन गेला होता. तीस वर्षे चाललेल्या या दाव्यात जे एक न्यायालय त्यातल्या त्यात लवकर पावले, त्याच्याच तत्परतेमुळे शेतकऱ्याचे पंधरा टक्के गेले.

मराठी वाचकाला १८९४ चा कायदा परका नाही. १९२१ साली मुळशीच्या मावळ्यांनी टाटांच्या धरणाविरुद्ध सत्याग्रह केला तो याच कायद्याने होणाऱ्या संपादनाविरुद्ध, आणि पांडुरंग महादेव बापट तिथेच 'सेनापती' झाले. पण रखडलेल्या जमीन दाव्यांची आपली खरी शाळा दुसऱ्या कायद्यात आहे. मुंबई कुळवहिवाट व शेतजमीन अधिनियम, १९४८. दिल्लीचा हिशेब तपासायला तो शेजारी ठेवून पाहावा, कारण तिथे उशिराची दिशा उलटी होते.

या कायद्यातल्या १९५६ च्या दुरुस्तीने १ एप्रिल १९५७ हा कृषक दिन ठरवला. त्या दिवशी कसणारे कूळ जमिनीचे खरेदीदार मानले गेले. जमीनमालकांनी दुरुस्तीला आव्हान दिले, १९५८ साली सर्वोच्च न्यायालयाने ती उचलून धरली. किंमत ठरवायचे काम शेतजमीन न्यायाधिकरणाचे, म्हणजे बहुधा मामलतदाराचेच, दुसरी टोपी घालून. किंमत बाजारभावाची नव्हे, आकाराच्या पटीत: साध्या कुळाला कमीत कमी २० पट, जास्तीत जास्त २०० पट. न्यायाधिकरणाचा निर्णय नको असेल तर प्रांताकडे अपील, तिथून महसूल न्यायाधिकरण, तिथून उच्च न्यायालय. आणि कोणत्याही पायरीवरून प्रकरण फेरचौकशीसाठी पुन्हा मामलतदाराकडे. सापशिडीत साप कुठल्या घरात आहे ते दिसते तरी.

दिल्लीत भाव गोठला होता १९५९ च्या बाजाराला. इथे तो गोठला आकाराच्या पटीला. तिथे उशिराचा लाभ घेणाऱ्या सरकारला झाला. इथे, जमीन ज्याच्या ताब्यात त्या कुळाला. आणि यात अन्याय झालाच असे सरसकट म्हणता येत नाही, कारण पिढ्यान्‌पिढ्या खंड भरणाऱ्याचा तो हक्क होता. पण कायद्याने काही मालकांना सवड दिली होती: मालक अज्ञान असेल, विधवा असेल, शरीराने वा मनाने असमर्थ असेल, तर कृषक दिनाची खरेदी पुढे ढकलायची. विधवेचा हक्क संपल्यावर कुळाने ठरावीक मुदतीत खरेदीची इच्छा कळवायची. नाही कळवली तर? आणि विधवा वारली हे कुळाला कुणी सांगितलेच नाही तर?

या एका प्रश्नावर महाराष्ट्रातली कित्येक घरे दोन-दोन पिढ्या तारखांना गेली. सर्वोच्च न्यायालयाचे जुने निकाल मुदत चुकलेल्या कुळाच्या विरुद्ध होते. १८ सप्टेंबर २०१९ रोजी तीन न्यायमूर्तींच्या पीठाने ते बाजूला सारले: विधवेचा हक्क संपल्याचे तिच्या वारसाने कुळाला कळवले पाहिजे, ते न कळवता मुदत गेली असे म्हणता येणार नाही. १९५७ साली सुरू झालेला हक्क बासष्ट वर्षांनी स्पष्ट झाला. निकालाच्या मथळ्यात दोन्ही पक्षांच्या पहिल्या नावांपुढे कंसात एक अक्षर आहे. त्याचा मराठी अनुवाद 'मयत, तर्फे वारस'. मुनिरक्यातल्या कागदावर 'इंतकाल' होते, इथे 'मयत'. दिल्लीचा शेतकरी, कोकणातले किंवा देशावरचे कूळ, ती विधवा, सगळे या एका शब्दाच्या अलीकडे-पलीकडे आहेत.

यानंतरचा अंक पुण्यातून दिल्लीला जातो. १ जानेवारी २०१४ पासून १८९४ चा कायदा गेला आणि २०१३ चा नवा कायदा आला. त्याच्या २४ व्या कलमाने जुन्या, रखडलेल्या प्रकरणांना दार उघडले: निवाडा होऊन पाच वर्षे वा अधिक झाली, आणि ताबा घेतला गेला नाही किंवा मोबदला दिला गेला नाही, तर ते संपादन व्यपगत समजावे. २४ जानेवारी २०१४ ला, म्हणजे महिनाही उलटला नव्हता तेव्हा, पुणे महानगरपालिकेच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 'दिला' या शब्दाचा अर्थ सांगितला. पैसे सरकारी तिजोरीत जमा करून ठेवणे म्हणजे देणे नव्हे. दिले म्हणजे त्या माणसाच्या हाती, किंवा त्याने नाकारले तर न्यायालयात. मराठीत आपण भरले, ठेवले आणि दिले यांत फरक करतोच. पुण्याच्या निकालाने तो फरक कायद्यात नेला, आणि दिल्लीतली कितीतरी जुनी संपादने उच्च न्यायालयात व्यपगत ठरू लागली. गावांत पुन्हा आशा आली. खसरा क्रमांक लिहिलेले कागद ट्रंकांतून बाहेर निघाले. ताऊजींचेही त्याच सुमारास निघाले होते.

६ मार्च २०२० रोजी इंदूर विकास प्राधिकरणाच्या प्रकरणात पाच न्यायमूर्तींनी पुण्याचा निकाल रद्दबातल ठरवला. 'ताबा नाही किंवा मोबदला नाही' यातला 'किंवा' हा 'आणि' असा वाचायचा, असे त्यांनी सांगितले. म्हणजे दोन्ही गोष्टी झाल्या नसतील तरच संपादन व्यपगत. एक जरी झाली असेल तरी ते टिकते. मोबदला देऊ केला आणि माणसाने घेतला नाही, तर तो दिला नाही असे म्हणता येणार नाही. आणि न्यायालयाच्या स्थगितीत गेलेला काळ पाच वर्षांत धरायचा नाही.

निकालाला त्याची कारणे होती. अर्धवट कागदपत्रांचा आधार घेऊन वसवलेली शहरे उखडावी लागू नयेत, जमिनी विकत घेऊन बसलेल्या सट्टेबाजांना घबाड मिळू नये, ही चिंता खरी होती, आणि दिल्लीत तर फारच खरी. नकार असलेल्या वाक्यात 'किंवा' निसरडा होतो, हेही भाषांतराच्या धंद्यातल्या कुणालाही पटेल. 'चहा किंवा कॉफी नको' म्हटले की दोन्ही नकोत. पण लेखकाच्या 'किंवा'चा मी 'आणि' केला तर मला टीप द्यावी लागते. इथे त्या बदलाने कुणाची तरी शेती त्याच्याकडून कायमची गेली, आणि टीप म्हणून शेकडो पानांचा निकाल आहे.

सगळे निकाल एकापुढे एक मांडले की न्यायालयाचा हस्तक्षेप म्हणजे काय ते नीट दिसते. बाहेरून वाटते की रखडलेल्या दाव्यात वरचे न्यायालय पडले म्हणजे कुणाला तरी जमीन परत मिळाली. दिल्लीच्या या कहाणीत तसे क्वचितच झाले. १९७४ साली न्यायालयाने ठरवले की वेळ गेला त्याचा दोष शेतकऱ्याचा. पुढे रामचंद खटल्यात ठरले की त्यातला थोडा वेळ सरकारचा, आणि त्याला १२ टक्के. १९८९ साली ठरले की कोणत्या तारखांच्या मधला वेळ मोजायचा. २०१४ साली पाच वर्षांची किंमत अख्खी जमीन ठरली, २०२० साली ती पुन्हा उतरली. मुनिरक्याच्या आसपासची इमारत यांतल्या कोणत्याही निकालाने हलली नाही. प्रत्येक वेळी नव्याने मांडला गेला तो गेलेल्या वर्षांचा भाव.

म्हणून मला वाटते, या दाव्यांचा इतिहास जमिनीच्या इतिहासात न घालता वेळेच्या मालकीच्या इतिहासात घालावा. जमीन कुणाची, हे सातबारा सांगतो, खतौनी सांगते. वाट पाहण्यात गेलेली सतरा वर्षे कुणाची, हे सांगणारा रकाना कोणत्याही नमुन्यात नाही. पीक पाहणीत ज्वारी लिहितात, गिरदावरीत गहू लिहितात. अमक्या साली या माणसाने विहीर खणली नाही कारण नोटीस येणार होती, असे कुणी लिहीत नाही. ते फक्त मुला-नातवंडांच्या तोंडी राहते, विहिरीलगतचा तुकडा चाही होता की बारानी या स्वरूपात.

नव्या कायद्याने यावर उपाय योजलेला आहे. जाहीरनाम्यानंतर बारा महिन्यांत निवाडा. मोबदल्याचा वाद दिवाणी न्यायालयाऐवजी स्वतंत्र प्राधिकरणाकडे, आणि प्राधिकरणाने तो सहा महिन्यांत निकाली काढायचा. सहा महिने म्हणजे एक रब्बी. ज्यांच्या घरी तीन पिढ्यांच्या नकला ट्रंकेत आहेत, ते हा आकडा वाचून हसत नाहीत की रागावत नाहीत. ते विचारतात, सहा महिने कोणत्या तारखेपासून.